वल्ह्यावरची माणसं

डोंबिवली ते सीएसएमटी हे अंतर साधारण 48 किलोमीटर. जाऊन-येऊन 96. वर्षाला कामाचे 280 दिवस धरले, म्हणजे सणवार, आजारपणं आणि गावची लग्नं वजा केली, तरी हिशेब 27 हजार किलोमीटरच्या आसपास जातो. तीस वर्षांच्या नोकरीत आठ लाखांवर. चंद्र आपल्यापासून सरासरी 3 लाख 84 हजार किलोमीटर दूर आहे. फोर्टातल्या एखाद्या कचेरीतून हेडक्लार्क म्हणून निवृत्त होणारा डोंबिवलीकर चंद्रावर जाऊन परत आलेला असतो, आणि वर पृथ्वीला जवळजवळ एक प्रदक्षिणा होईल एवढं अंतर शिल्लक उरतं. निरोप समारंभात त्याला शाल, श्रीफळ आणि भिंतीवरचं घड्याळ देतात. घड्याळच का देतात, हे मला कधी कळलेलं नाही. आयुष्यभर त्याने दुसरं काय पाहिलं?

होमरच्या ओडिसियसला ट्रॉयहून घरी, इथाकाला जायचं होतं. समुद्रमार्गे हे अंतर साधारण हजार किलोमीटर भरतं. त्याला दहा वर्षं लागली आणि त्यावर ‘ओडिसी’ हे चोवीस सर्गांचं महाकाव्य झालं. डोंबिवलीकर तेवढं अंतर दोन आठवड्यांत कापतो आणि त्याच्यावर चार ओळीही कुणी लिहीत नाही. म्हणून अधूनमधून कुणाला तरी या दोघांची सांगड घालावीशी वाटते. पावसाळ्यात रूळ पाण्याखाली गेले, लोक कुर्ल्यापासून ठाण्यापर्यंत चालत निघाले, की दुसऱ्या दिवशीच्या वर्तमानपत्रांत मुंबईकरांच्या स्पिरिटची आरती सुरू होते. झुंजार, लढवय्या, न थांबणारा. 26 जुलै 2005 ला सांताक्रूझला चोवीस तासांत 944 मिलिमीटर पाऊस पडला तेव्हाही हेच झालं, आणि पुढच्या वर्षी 11 जुलैला पश्चिम रेल्वेवर बॉम्बस्फोट झाले तेव्हाही हेच.

लोकलचा प्रवास आणि महाकाव्यातला प्रवास यांची तुलना मला खोटी वाटत नाही. उलट ती वरवर दिसते त्यापेक्षा खोल जाते. फक्त त्या तुलनेत आपण माणूस चुकीचा निवडतो. लोकलमधला प्रवासी ओडिसियस नाही. तो ओडिसियसच्या जहाजावर वल्हं मारणाऱ्यांपैकी एक आहे. आणि त्या वल्हं मारणाऱ्यांचं काय झालं, हे होमर वाचणाऱ्यांनाही पुष्कळदा आठवत नाही.

आधी सोपी साम्यं बघू, कारण त्यांत मौज आहे. आपल्याकडचा समुद्रप्रवास घ्यायचा तर सुंदरकांडाचा पहिलाच सर्ग. शंभर योजनांचा समुद्र ओलांडायला निघालेल्या हनुमानाला वाटेत तीन अडथळे येतात. पहिला मैनाक पर्वत, जो पाण्यातून वर येऊन म्हणतो, बाबा रे, जरा टेक, दमला असशील. हनुमान त्याला हाताने नुसता स्पर्श करतो आणि वेळ जातोय, मध्ये न थांबण्याचा शब्द दिलाय, असं सांगून निघतो. दादरच्या ब्रिजवर ओळखीचा माणूस भेटला आणि चहा घेऊ म्हणाला, तर आपण दुसरं काय करतो? मग येते सुरसा. हनुमान आकार वाढवतो, ती जबडा वाढवते. तो आणखी वाढतो, ती आणखी वासते. शेवटी तो अंगठ्याएवढा होतो, तिच्या तोंडात शिरतो आणि बाहेर पडतो. संध्याकाळी सहाच्या सुमारास दादरला कल्याण फास्ट लागते तेव्हा हे शास्त्र प्रत्यक्ष बघायला मिळतं. सॅक पाठीवरून छातीवर आलेली असते, ओढणीची टोकं कमरेला खोचलेली असतात, चष्मा खिशात गेलेला असतो, कोपर बरगडीला चिकटलेले असतात. ज्याने अंग फुगवलं तो फलाटावर राहिला. ज्याने श्वास सोडून अंग चोरलं तो आत. तिसरी सिंहिका, जी सावली धरून ओढते. तिच्याबद्दल पुढे बोलावं लागेल.

या तुलनेवर नेहमीचा आक्षेप असा की महाकाव्यातला प्रवास एकदाच घडतो, म्हणून तो गोष्ट होतो. लोकलचा प्रवास रोज तोच, त्यात सांगण्यासारखं काय? हा आक्षेप महाकाव्यं छापील पानांवर वाचणाऱ्यांचा आहे. 1930 च्या दशकात मिल्मन पॅरी हा अमेरिकन अभ्यासक युगोस्लाव्हियातल्या निरक्षर शाहिरांची गाणी ध्वनिमुद्रित करत हिंडला. होमरच्या काव्यात तेच ते शब्दप्रयोग पुन्हापुन्हा का येतात, हे त्याला शोधायचं होतं. पहाट झाली की तिला गुलाबी बोटं असतातच, जहाज पाण्यात लोटायचं की त्याच ओळी, पाहुणा आला की त्याच क्रमाने हात धुणं आणि जेवण. पॅरीने दाखवून दिलं की ही पुनरावृत्ती म्हणजे कवीची गरिबी नव्हे, मौखिक महाकाव्याचा तो सांगाडाच आहे. गाणारा त्या ठरलेल्या ओळींना धरून पुढे सरकतो. आता डब्यातली उद्घोषणा ऐका. पुढचं स्थानक अमुक, आणि लगेच पायदान व फलाट यांच्यातल्या अंतराकडे लक्ष ठेवण्याची सूचना. तीन भाषांत, त्याच सुरात, त्याच क्रमाने. झोपलेला माणूससुद्धा त्या ओळींच्या आधाराने आपण कुठे आहोत ते ओळखतो आणि बरोबर घाटकोपर सोडल्यावर डोळे उघडतो.

गाड्यांची नावंही महाकाव्यातल्या विशेषणांसारखी पक्की. आमच्याकडे कुणी ‘सकाळची गाडी’ म्हणत नाही. सात बावन्न म्हणतात, आठ चौदा म्हणतात. सात बावन्नचा ग्रुप वेगळा, आठ चौदाचा वेगळा, आणि एकाने दुसऱ्याच्या डब्यात पाऊल टाकलं तर परमुलखात आल्यासारखं वाटतं. तिघांच्या बाकावर चौथी सीट कुणाची, ठाण्याला कोण उठून कुणाला बसायला देणार, खिडकी कुणाकडे, हे सगळं ठरलेलं. हे नियम कुठे लिहिलेले नाहीत, पण मोडून बघा. होमरच्या जगात परक्या माणसाला आधी जेवू घालायचं आणि मगच नाव-गाव विचारायचं, असा दंडक होता. लोकलने त्याहून पुढची मजल मारली आहे. इथे नाव विचारतच नाहीत. परक्याला विचारायचा प्रश्न एकच: कुठे उतरणार? ज्या समाजात माणसाचं आडनाव कळेपर्यंत पुष्कळांच्या जिवाला चैन पडत नाही, त्या समाजात या एका प्रश्नावर भागणारी जागा निर्माण झाली, ही लहान गोष्ट नाही. तिचं श्रेय मोठेपणाला आहे की अडचणीला, हे सांगता येणार नाही. मला वाटतं अडचणीलाच.

लेडीज डब्याकडे मात्र महाकाव्याच्या चौकटीतून बघितलं की चौकटच मोडते. ओडिसीत कामाची वाटणी स्पष्ट आहे. तो फिरतो, ती वाट बघते. त्याची बायको पेनेलोपी सासऱ्यासाठी कफन विणते आणि लग्नासाठी मागे लागलेल्यांना टाळायला रात्री ते उसवते. असं तीन वर्षं चालतं. आता संध्याकाळच्या कर्जत किंवा टिटवाळा गाडीच्या लेडीज डब्यात बघा. मांडीवर जुना पेपर पसरलेला, त्यावर मेथीची जुडी सोडलेली. पानं एका पिशवीत, काड्या दुसऱ्या पिशवीत. मुळं ठाण्याच्या आधीच खुडून झालेली असतात. शेजारणीच्या डब्याच्या झाकणात सोललेले वाल. समोर क्लिपा आणि कानातल्यांचं जाळं घेऊन विकणारी मुलगी उभी, तिच्याशी दहा रुपयांवरून घासाघीस चाललेली, आणि बोटं थांबत नाहीत. घरी पोचल्यावर फोडणी टाकायची तेवढी बाकी. फिरणारी आणि वाट बघणारी इथे एकच बाई आहे. समुद्रही तिनेच पार करायचा आणि विणकामही तिनेच करायचं. ओडिसियसला इथाका दिसलं तेव्हा त्याचा प्रवास संपला. हिला घर दिसतं तेव्हा दुसरी पाळी सुरू होते. 5 मे 1992 ला चर्चगेट ते बोरिवली अशी पहिली लेडीज स्पेशल धावली. तिचं कौतुक करताना सगळे सुरक्षिततेबद्दल बोलले, ते योग्यच होतं. पण त्या गाडीने बायकांना आणखी एक गोष्ट दिली. मांडी घालून भाजी निवडायला जागा.

आता वल्ह्यांकडे वळतो.

ओडिसियस ट्रॉयहून निघाला तेव्हा त्याच्याकडे बारा जहाजं होती. (आपल्या गाडीलाही बहुधा बारा डबे असतात. हा योगायोग, त्यावर भर देत नाही.) प्रत्येक जहाजावर वल्हं मारणारे कित्येक जण. इथाकाला पोचला तो एकटा ओडिसियस. बाकी एकही नाही. काव्याच्या अगदी सुरुवातीला कवी याचा खुलासा करून टाकतो: त्याने सोबत्यांना वाचवण्याचा फार प्रयत्न केला, पण ते स्वतःच्या मूर्खपणाने मेले, त्यांनी सूर्याची गुरं मारून खाल्ली. वाचणारा हे मान्य करतो आणि नायकाच्या मागे जातो. पण पुढे काव्यातच हिशेब वेगळा निघतो. गुरं खाऊन मेले ते शेवटच्या एका जहाजावरचे. बाकीची अकरा जहाजं त्याच्या कितीतरी आधी लेस्ट्रिगोन नावाच्या नरभक्षक राक्षसांच्या बंदरात चिरडली गेली. वरून दगड आले आणि आत बांधलेली जहाजं माणसांसकट फुटली. तिथे कुणी काही मूर्खपणा केला नव्हता. बंदर चिंचोळं होतं आणि ती आत उभी होती, इतकंच. ओडिसियसने आपलं जहाज शहाणपणाने बाहेर बांधलं होतं. बहुसंख्य माणसं नायकाच्या बेतात मेली, पण प्रस्तावनेत दोष त्यांच्याच माथी आला.

रेल्वेच्या नोंदी वाचताना मला ही प्रस्तावना आठवते. अनधिकृतपणे रूळ ओलांडणं. निष्काळजीपणे दारात उभं राहणं. चालत्या गाडीतून उतरणं. प्रत्येक नोंदीत क्रियापद प्रवाशाचं. मुंबईच्या उपनगरी मार्गांवर 2023 या एका वर्षात अडीच हजारांहून जास्त माणसं मेली. मुंबई उच्च न्यायालयात एका जनहित याचिकेच्या निमित्ताने हा आकडा चर्चेत आला आणि न्यायालयाने रेल्वेला कडक शब्दांत सुनावलंही. दिवसाला सात माणसं. ज्या गर्दीत ही माणसं दारात लटकतात तिला रेल्वेच्या भाषेत स्वतंत्र नाव आहे: सुपर डेन्स क्रश लोड. म्हणजे एका चौरस मीटरमध्ये चौदा ते सोळा माणसं उभी. घरातल्या कॅरमबोर्डापेक्षा जरा मोठी जागा, आणि तिच्यात सोळा जण. 16 एप्रिल 1853 ला बोरीबंदरहून ठाण्याला पहिली गाडी गेली तेव्हा चौदा डब्यांत सुमारे चारशे पाहुणे होते. डब्यागणिक तीसही नाहीत. मुंबईतला तो पहिला रेल्वेप्रवास, आणि बहुधा सर्वांत ऐसपैसही तोच. दारात लटकणाऱ्याचा निष्काळजीपणा मोजण्याआधी आत जागा किती होती हे मोजायला हवं.

मघाशी सिंहिकेचं राहिलं होतं. तिच्यासारखीच होमरची सिला. सहा डोक्यांची, कड्यावर गुहेत बसलेली, खालून जहाज गेलं की एकेका तोंडात एकेक माणूस उचलणारी. पलीकडे कॅरिब्डिसचा भोवरा, जो अख्खं जहाज गिळतो. सर्सी ही जादूगारीण ओडिसियसला आधीच सल्ला देते: सिलाच्या बाजूने जा, लढत बसू नकोस. सगळे जाण्यापेक्षा सहा गेलेले परवडले. ओडिसियस तो हिशेब मान्य करतो. आणि पुढची गोष्ट मला या काव्यातली सर्वांत अस्वस्थ करणारी वाटते. तो हे सोबत्यांना सांगत नाही. सांगितलं तर ते घाबरून वल्हं सोडतील आणि आत जाऊन दडतील, अशी त्याला भीती असते. सहा जण उचलले जातात तेव्हा ते वरून त्याच्या नावाने हाका मारतात. समुद्रावर सोसलं त्या सगळ्यात याहून केविलवाणं आपण काही पाहिलं नाही, असं तो नंतर सांगतो. पण सांगतो मेजवानीत बसून.

9 जून 2025 ला सकाळी दिवा आणि मुंब्रा यांच्या दरम्यान वळणावर दोन लोकल एकमेकींजवळून गेल्या. दोन्ही खच्चून भरलेल्या, दोन्हींच्या दारांत माणसं बाहेर आलेली. त्यांतली काही खाली पडली. किमान चार जणांचा जीव गेला. पायदानावर उभं राहणाऱ्याला ते वळण माहीत असतं, तिथे आत दबायचं असतं हेही माहीत असतं. आत दबायला आत जागा हवी. त्या दिवशी या शहराचा गुप्त हिशेब उघड्यावर आला. सत्तर लाख माणसं रोज पोचवायची तर सहा-सात जाणारच. सगळं शहर थांबण्यापेक्षा ते परवडतं. हे कुणी उघड म्हणत नाही. सर्सीसारखा सल्ला देणारंही कुणी एक नाही आणि ओडिसियससारखा ठरवणाराही कुणी एक नाही. पण तीच तडजोड वर्षानुवर्षं चालू आहे, आणि वल्ह्यावरच्यांना ती सांगितलेली नाही. त्याऐवजी त्यांना शूर म्हटलं जातं.

या कौतुकावर माझा राग आहे तो याचसाठी. माणसाला नायक म्हटलं की त्याचे हाल ही त्याची निवड होते. नायकाने संकटं सोसायचीच असतात. दार बंद होत नाही, फलाट खाली राहिला आहे, पुलाचा जिना अरुंद आहे, अशा तक्रारी नायकाच्या तोंडी शोभत नाहीत. 29 सप्टेंबर 2017 ला एल्फिन्स्टन रोडच्या पुलावर चेंगराचेंगरीत 23 माणसं गेली, तो पूल अरुंद आहे हे रोज तिथून जाणाऱ्या प्रत्येकाला ठाऊक होतं. ज्यांना ठाऊक होतं ते ‘स्पिरिट’वाले होते, म्हणून बहुधा त्यांचं ऐकायची गरज भासली नाही.

ओडिसीत वल्हं मारणाऱ्यांना एकदा तोंड फुटतं. वाऱ्याचा अधिपती ईओलस ओडिसियसला सगळे प्रतिकूल वारे एका कातडी पिशवीत बांधून देतो. नऊ दिवस ओडिसियस स्वतः सुकाणू धरून बसतो. दहाव्या दिवशी इथाकाच्या किनाऱ्यावरच्या शेकोट्या दिसतात, आणि तो थकून झोपतो. (शेवटच्या गाडीत डोंबिवलीला डोळा लागून कसाऱ्याला जाग येणाऱ्यांनी त्याला हसू नये.) तेव्हा सोबती आपसांत म्हणतात: हा लुटीचं सोनं घेऊन चालला आहे, आपण त्याच्याबरोबर तोच प्रवास केला आणि रिकाम्या हाताने घरी चाललो. ते पिशवी सोडतात, वारे मोकळे होतात, जहाज माघारी फेकलं जातं. कवीला तो त्यांचा लोभ वाटतो. मला त्यांचा प्रश्न रास्त वाटतो. तोच प्रवास, तीच वल्हं, आणि वाटणी अशी का? बदलापूर-विरारच्या पलीकडे राहायला गेलेल्या माणसाने तिथे घर हौसेने घेतलं नाही. जिथे काम आहे तिथे त्याच्या पगारात छप्पर मिळत नाही आणि जिथे छप्पर मिळतं तिथे काम नाही. या दोहोंमधलं अंतर तो स्वतःच्या वेळेने आणि बरगड्यांनी भरून काढतो, आणि त्याचा पगार कुणी देत नाही.

मराठीत एक पुस्तक असं आहे की ज्यात वल्ह्यावरचा माणूसच कथा सांगतो. विष्णुभट गोडसे, पेणजवळच्या वरसईचे गरीब भिक्षुक. घरावर कर्ज होतं, म्हणून उत्तरेत मोठा यज्ञ होणार, दक्षिणा मिळेल, या आशेने 1857 मध्ये ते काकांबरोबर निघाले आणि थेट बंडाच्या वणव्यात सापडले. झाशी पडली तेव्हा ते झाशीत होते. लुटले गेले, उपाशी राहिले, लपले, पुन्हा लुटले गेले. शेवटी गंगेची कावड घेऊन घरी आले आणि आईवडिलांना गंगास्नान घातलं. ‘माझा प्रवास’ छापून आलं 1907 मध्ये. बंडावर ग्रंथ पुष्कळ आहेत, पण या भटजींची नजर सेनापतीची नाही. त्यांना धान्याचा भाव दिसतो, विहिरीचं पाणी दिसतं, रस्त्यावरची प्रेतं दिसतात, आणि कमरेला बांधलेले पैसे सतत आठवतात. पोटासाठी घराबाहेर पडलेला माणूस इतिहासात सापडला तर त्याला काय दिसेल, ते हे. लोकलचं महाकाव्य कुणी लिहिणार असेल तर त्याने होमरपेक्षा गोडसे भटजींच्या जवळ बसावं. म्हणजे त्यात शौर्य कमी आणि कमरेचे पैसे जास्त येतील.

कुणी म्हणेल, पण प्रवाशांना स्वतःलाही तो प्रवास पवित्र वाटतो की. खंडेनवमीला डब्याला झेंडूच्या माळा चढतात, दाराला केळीचे खुंट बांधतात, आरती होते, पेढे वाटतात. कितीतरी डब्यांत भजनी मंडळं आहेत, टाळ सॅकमध्येच असतात. हे खरं आहे आणि मला ते मनापासून आवडतं. पण नीट बघा, पूजा कशाची होते. खंडेनवमीला आपण अवजारांची पूजा करतो. सुताराची करवत, शिंप्याचं मशीन, आणि कारकुनाची लोकल. आपल्या पोटाच्या साधनापुढे हात जोडणारा माणूस स्वतःला नायक समजत नाही. नायकपद त्याला बाहेरून मिळालं आहे, बहुधा मोटारीतून येणाऱ्या लेखकांकडून.

ओडिसीत एल्पेनॉर नावाचा एक पोरगा आहे. सोबत्यांत सर्वांत लहान, लढाईत विशेष नाही, अकलेनेही बेताचा. सर्सीच्या वाड्यात दारू पिऊन तो गारव्यासाठी छपरावर झोपतो. पहाटे निघण्याची धांदल होते, माणसांचा गलका ऐकून तो दचकून उठतो, शिडी विसरतो, सरळ पुढे पाऊल टाकतो आणि मान मोडून मरतो. निघण्याच्या घाईत कुणाच्या लक्षातही येत नाही. वेळ गाठण्याच्या गडबडीत उंचावरून पडून मेलेला बहुधा साहित्यातला हा पहिला प्रवासी. पुढे ओडिसियस मृतांच्या लोकात जातो तेव्हा सगळ्यांत आधी त्याला भेटतो तो हाच. मोठमोठे वीर नंतर येतात. एल्पेनॉर एवढंच मागतो की मला असा विसरून जाऊ नका, माझं दहन करा, माती घाला आणि मी सोबत्यांबरोबर जे वल्हं मारत होतो ते माझ्या थडग्यावर रोवा. ओडिसियस त्यासाठी सर्सीच्या बेटावर परत जातो. घराची आस लागलेला माणूस एका बेताच्या पोराचं वल्हं रोवायला जहाज माघारी वळवतो. संपूर्ण काव्यात मला नायक म्हणून तो तिथेच पटतो.

आपल्याकडे त्या वल्ह्याच्या जागी पास असतो. गाडीतून पडून मेलेल्याच्या खिशात प्लास्टिकच्या पाकिटात पास सापडला की तो अधिकृत प्रवासी ठरतो. 1989 च्या रेल्वे कायद्यातल्या कलम 124-अ नुसार गाडीतून अपघाताने पडणाऱ्या प्रवाशाची भरपाई रेल्वेने द्यायची असते, चूक कुणाची हे न बघता. 2017 पासून मृत्यूची रक्कम आठ लाख आहे. सर्वोच्च न्यायालयाने 2018 मध्ये रीना देवी प्रकरणात दोन गोष्टी स्पष्ट केल्या. चढता-उतरता पडलेल्याला निष्काळजी म्हणून भरपाई नाकारता येणार नाही, आणि प्रेताजवळ तिकीट सापडलं नाही एवढ्यावरून तो प्रवासी नव्हता असं ठरणार नाही. होमरने प्रस्तावनेत सोबत्यांवर जो ठपका ठेवला, तो निदान कायद्याने तरी पुसला आहे. पण दावा न्यायाधिकरणात जातो, तिथे खेटे घालावे लागतात, आणि हे कलम आपल्यासाठी आहे हे पुष्कळ घरांना माहीतच नसतं. तुमच्या ओळखीत असं घर असेल तर त्यांना हे सांगा.

मुंब्र्यानंतर रेल्वेने जाहीर केलं की साध्या, बिनवातानुकूलित लोकलनाही आपोआप बंद होणारे दरवाजे बसवू, हवेसाठी झरोके आणि छतावर बाहेरची हवा आत घेणाऱ्या यंत्रांची सोय करू, डबे आतून जोडू. वातानुकूलित लोकल 25 डिसेंबर 2017 पासून धावते आहे, म्हणजे बंद दारं मुंबईला अशक्य नव्हती, फक्त महाग तिकिटाबरोबर मिळत होती. दारं यायलाच हवीत. पण दारं बंद झाली तरी बाहेर लटकणारी माणसं कुठे तरी जावी लागतील, आणि आत जागा नसेल तर ती फलाटावर राहतील. मग त्यांना उशीर होईल. आणि इथे आपण खऱ्या पोसायडनपाशी येतो.

ओडिसियसच्या मागे पोसायडन या समुद्रदेवाचा कोप लागला होता, कारण त्याने त्या देवाच्या मुलाचा डोळा फोडला होता. लोकलमधल्या माणसाच्या मागे लेटमार्क लागलेला असतो. गाडी गेली तर दुसरी पाच मिनिटांनी आहे, हे दारात लटकणाऱ्यालाही ठाऊक असतं. तो मूर्ख नसतो. त्या पाच मिनिटांत त्याचं अंगठ्याचं मशीन बंद होतं, आणि कित्येक कचेऱ्यांत तीन लेटमार्क झाले की अर्ध्या दिवसाची रजा कापतात. देवाचा कोप शमवायला यज्ञ लागतो. हा कोप एका परिपत्रकाने शमतो, कारण तो एका परिपत्रकानेच सुरू झाला आहे आणि त्याखाली कुणाची तरी सही आहे. मध्य रेल्वेने 2023 मध्ये आपल्या मुख्यालयातल्या कर्मचाऱ्यांच्या वेळा दोन पाळ्यांत विभागल्या आणि शहरातल्या शेकडो संस्थांना तसंच करण्याची विनंती करणारी पत्रं पाठवली. गर्दी आजही त्याच वेळेला त्याच फलाटांवर उभी आहे.

म्हणून हे वाचणाऱ्यांपैकी ज्यांच्या हाती एखाद्या कचेरीचं, बँकेच्या शाखेचं, दुकानाचं किंवा शाळेचं हजेरीचं मस्टर असेल, त्यांना माझी एवढीच विनंती आहे. पुढच्या पावसात तुमच्या माणसांच्या शौर्याबद्दल काही लिहू नका. निम्म्यांची वेळ साडेअकराची करा, आणि लेटमार्क काढून टाका.